लावलेली कुस्ती, ठरवलेली कुस्ती

महिन्यापूर्वी एका शनिवारी आमच्या फिल्म सोसायटीत अगदी सुरुवातीचे, मिनिटभराचे नि त्याहूनही लहान मूकपट दाखवले. तीस-पस्तीस माणसं, प्लास्टिकच्या खुर्च्या आणि अधूनमधून रुसणारा प्रोजेक्टर. १८९४ सालचा, लेनर्ड आणि कुशिंग या दोन मुष्टियोद्ध्यांचा तुकडा पडद्यावर आला आणि बघता बघता संपला. दिवे लागायच्या आत मागच्या रांगेतून एक मुलगा म्हणाला, "हे तर स्टेज्ड आहे." पुढच्या रांगेतल्या एका निवृत्त प्राध्यापकांनी मान वळवली. "अहो, त्या काळात कॅमेरा खोटं बोलायला शिकला नव्हता!" पुढचा पाऊण तास जे झालं त्याला चर्चा म्हणायची आपल्याकडे पद्धत आहे. सिनेमा जन्मापासूनच लबाड, असं एक टोळकं म्हणत होतं. आधी सगळं निखळ होतं, पुढे धंद्याने नासवलं, असं दुसरं. मध्येच कुणीतरी एआयने बनवलेल्या व्हिडिओंचा विषय काढला आणि दोन्ही बाजूंना चेव आला.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. दोन्ही बाजूंची चूक एकच होती. झुंज मुद्दाम घडवून आणलेली असली की ती खोटी, हे दोघांनीही गृहीत धरलं होतं. भांडण फक्त ती घडवून आणलेली होती की नव्हती एवढ्यावरच. पण मराठी माणसाने तरी या घोळात पडायचं कारण नाही, कारण आपल्या बोलण्यात हा गुंता कधीच सुटलेला आहे. आपण कुस्ती 'लावतो'. जत्रेच्या फडात पंच मंडळी जोड बघतात, दोघांचं वजन, उंची, मागच्या वर्षीचं नाव, मग इनाम बोललं जातं, हलगी कडाडते आणि कुस्ती लागते. लावलेली आहे म्हणून ती खोटी, असं म्हणणाऱ्याला गावात कुणी शहाणा म्हणणार नाही. खोटी ती नुरा कुस्ती, म्हणजे जिचा निकाल आधी चहाच्या टपरीवर ठरलेला असतो. आणि तिसरा प्रकार त्याहून वाईट. पत्रकावर नाव एका पैलवानाचं छापायचं, तिकिटं खपवायची आणि आखाड्यात भलत्यालाच उतरवायचं. लावणं, ठरवणं आणि खपवणं, ही तीन वेगळी कामं आहेत. सुरुवातीच्या मूकपटांतल्या झुंजींवरचा बहुतेक वाद ही तिन्ही एकाच पोत्यात कोंबून चाललेला असतो.

मुळात पहिल्या कॅमेऱ्यांसमोर इतक्या मारामाऱ्या का? एडिसनच्या प्रयोगशाळेत त्याचा मदतनीस डिक्सन आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १८९१-९२ मध्ये जे चाचणीचे तुकडे घेतले, त्यांतही मुष्टियुद्ध आहे, तलवारबाजी आहे. यात रक्ताची तहान वगैरे शोधणारे शोधोत. मला त्यामागे आधी सुताराचा हिशोब दिसतो. १८९३ च्या सुरुवातीला न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंज इथे 'ब्लॅक मारिया' नावाचा जगातला पहिला म्हणावा असा स्टुडिओ उभा राहिला. खर्च सहाशे सदतीस डॉलर आणि वर थोडी चिल्लर. बाहेरून काळा डांबरी कागद ठोकलेला, छपराचा तुकडा उघडणारा आणि ऊन ज्या बाजूला सरकेल त्या बाजूला अख्खी इमारत रुळावरून फिरवायची सोय. आतला कॅमेरा अवजड. तो मान वळवत नाही, पुढे जात नाही, मागे येत नाही. मागची भिंत काळीकुट्ट. अशा खोक्यात घालायला तुम्हाला काय मिळेल? धावणारा माणूस चौकटीतून निघून जातो. बोलणारा निरर्थक ठरतो, कारण आवाज नाही. उरतात ती एकमेकांसमोर उभी राहिलेली दोन उघडी अंगं, काळ्यावर पांढरी. ती सतत हलतात आणि हलूनही पुन्हा पुन्हा मध्यावर येतात. नाच आणि झुंज ही दोनच कामं माणूस जागा न सोडता पूर्ण ताकदीने करतो. म्हणून तर त्याच काळ्या खोलीत नर्तकी आल्या, बफेलो बिलच्या तांड्यातले सुरेबाज आले, हातमोजे घातलेली विनोदी जोडगोळी आली, आणि जुलै १८९४ मध्ये प्रोफेसर वेल्टनची मांजरंसुद्धा आली. त्या मांजरांच्या पंजांना चिमुकले हातमोजे आहेत, इवलंसं रिंगण आहे आणि दोघांच्या मधोमध मागे खुद्द वेल्टनचं हसरं डोकं. आमच्या सभागृहात सगळ्यांत मोठा हशा याच तुकड्याला मिळाला. मला मात्र तिथे हसू आलं नाही. पैलवानाला विचारून कुस्ती लावता येते, मांजराला कोण विचारणार?

आता लेनर्ड-कुशिंगकडे येऊ. १४ जून १८९४. झुंज कुणासाठी होती? लॅथम बंधू आणि त्यांच्या भागीदारांच्या कंपनीसाठी. त्यांना किनेटोस्कोपमधून मुष्टियुद्ध विकायचं होतं. किनेटोस्कोप म्हणजे डोळा लावून एकट्यानेच बघायची पेटी. साध्या पेटीत जेमतेम वीस सेकंदांची फीत मावायची. या मंडळींनी ती वाढवून मिनिटभराच्या आसपास नेली. झालं, मुष्टियुद्धाची फेरी एका मिनिटाची झाली. नियम खेळाने बदलला नाही, पेटीने बदलला. रिंगण नेहमीच्या निम्म्याच्या आसपास आवळलं, कारण कॅमेऱ्याला त्यापलीकडचं दिसत नव्हतं. दोन फेऱ्यांमध्ये लढणाऱ्यांनी दम खायचा तो घंटा वाजेपर्यंत नव्हे, तर नवी फीत भरून होईपर्यंत. अशा सहा फेऱ्या. त्या न्यूयॉर्कच्या नासाऊ स्ट्रीटवर सहा पेट्यांत मांडल्या. प्रत्येक पेटीला दहा सेंट, म्हणजे सगळी लढत बघायला साठ. आणि गिऱ्हाइकाने काय करावं? बरेच जण थेट शेवटच्या पेटीकडे जायचे. आडवा कोण पडतो एवढंच बघून दहा सेंटांत बाहेर. आजकालच्या पोरांना धीर नाही म्हणून रील्सच्या नावाने बोटं मोडणाऱ्यांनी हे जरूर ध्यानात ठेवावं.

मागच्या रांगेतल्या त्या मुलाचं म्हणणं इथे सगळ्यांत मजबूत आहे आणि ते मी पूर्ण ताकदीने मांडतो, कारण त्या दिवशी त्याला ते मांडता आलं नाही. फेरीची लांबी यंत्राने ठरवली, रिंगण भिंगाने ठरवलं, विश्रांती फितीने ठरवली. मग उरलं काय? हे मुष्टियुद्धाचं चित्रण नाहीच, कॅमेऱ्याच्या मापाने बेतलेली कवायत आहे. त्याहून कडक उदाहरण तीनच महिन्यांनी आलं. ७ सप्टेंबर १८९४ ला त्याच ब्लॅक मारियात जगज्जेता जेम्स कॉर्बेट आणि ट्रेंटनचा पीटर कोर्टनी समोरासमोर आले. पुन्हा सहाच फेऱ्या. सहाव्या फेरीत कोर्टनी आडवा. वर्तमानपत्रांत आलेले आकडे असे, की पाच हजारांपैकी कॉर्बेटला चार हजार साडेसातशे डॉलर आणि कोर्टनीला अडीचशे. जगज्जेत्याने एका स्थानिक गड्याला नेमका शेवटच्या फितीवर झोपवावा, हा योगायोग मानायला फार भोळेपणा लागतो. पहिल्या पाच फेऱ्यांत कॉर्बेटने हात राखला असणार. त्यात तो साधा मुष्टियोद्धा नव्हता. १८९२ मध्ये तोवरच्या जगज्जेत्या सलिव्हनला हरवल्यावर त्याच्यासाठी खास नाटक लिहिलं गेलं होतं आणि तो गावोगाव रंगमंचावर मुष्टियुद्ध 'करून दाखवत' हिंडत होता. मग ही झुंज लावलेली म्हणायची की ठरवलेली?

मी म्हणेन, लावलेली तर नक्कीच, आणि बरीचशी ठरवलेलीही. तरीही त्या मुलाचा निष्कर्ष मला पटत नाही. कारण 'हे मुष्टियुद्धाचं चित्रण नाही' असं म्हणताना तो मनात एक अस्सल मुष्टियुद्ध धरून बसलेला असतो, जे कॅमेरा नसता तर आपोआप घडलं असतं. तसं कुठे घडत होतं? इनामाची लढत न्यू जर्सीत कायद्याने बंद होती. ज्या लढती व्हायच्या त्या नावेत, कोठारात, लपूनछपून, पोलीस येतील या धाकाने उरकलेल्या. नाहीतर रंगमंचावर, प्रात्यक्षिक या नावाखाली. खेळ आधीपासूनच जागा, कायदा, पैज आणि तिकीट यांच्या मापाने बेतला जात होता. कॅमेरा हा त्या रांगेतला पाचवा शिंपी. आपल्याकडे तरी निराळं काय आहे? मातीतली कुस्ती गादीवर गेली तेव्हा वेळेची मर्यादा आणि गुण आले, कबड्डी टीव्हीवर आली तेव्हा तीस सेकंदांची चढाई आली. म्हणून आजचा कबड्डीपटू खोटी चढाई करतो का?

कॉर्बेटच्या त्या झुंजीनंतर जे घडलं ते मला या सगळ्या प्रकरणातलं सर्वांत बोलकं वाटतं. बातम्या छापून आल्यावर न्यू जर्सीतल्या न्यायाधीशांनी ग्रँड ज्युरीला, म्हणजे खटला भरायचा की नाही हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळाला, चौकशी करायला सांगितलं. इनामाची लढत झाली असेल तर तो गुन्हा होता. एडिसनने हात झटकले. शेवटी खटला उभा राहिला नाही. पण कंपनीची अडचण बघा कशी मजेदार! गिऱ्हाइकाला सांगायचं, ही खरीखुरी लढत आहे, जगज्जेता खरोखर एकाला आडवा करतो. न्यायाधीशाला सांगायचं, छे हो, ही तर कॅमेऱ्यापुरती गंमत. तीच फीत, तेच ठोसे. पेटीजवळ खरी, कोर्टात लुटुपुटूची. यावरून तरी उमजावं की खरं-खोटं फितीत शोधून सापडणारं नव्हतं. ते ज्याच्या तोंडी ज्या वेळी सोयीचं असेल त्याप्रमाणे बदलत होतं.

प्राध्यापकांच्या बाजूचे लोक यावर १८९७ कडे बोट दाखवतात. बरोबरच आहे. १७ मार्च १८९७ ला नेवाडातल्या कार्सन सिटीत कॉर्बेट आणि फिट्झसिमन्स यांची लढत झाली, ती खरीच होती. खरी म्हणजे इतकी, की जगज्जेता चौदाव्या फेरीत पोटावर बसलेल्या एका ठोशाने खाली बसला आणि उठू शकला नाही. इनॉक रेक्टरने खास रुंद फितीवर तीन कॅमेऱ्यांनी ती टिपली आणि शंभराहून जास्त मिनिटं चालणारा चित्रपट तयार झाला. एवढा लांब चित्रपट तोवर कुणी पाहिला नव्हता. रिंगणाजवळ फिरकायला ज्यांना समाज देत नव्हता अशा बायकाही नाट्यगृहात बसून तो बघू लागल्या. पण हा 'निखळ' नमुना जरा जवळून बघा. लढत उघड्यावर, भर दुपारी, कारण कॅमेऱ्याला ऊन हवं. नेवाडाच्या विधिमंडळाने त्याच वर्षी जानेवारीत अशा लढतींना परवानगी दिली ती ही लढत आपल्याकडे यावी म्हणून. रिंगण चौकटीत मावावं म्हणून दोन फुटांनी कमी केल्याचं पंचाच्या नजरेला आलं, तेव्हा ते पुन्हा पूर्ववत करावं लागलं. आणि रिंगणाच्या कडेला, लढणाऱ्यांच्या पायांच्या खाली, मोठ्या अक्षरांत रंगवलेलं दिसतं, 'कॉपीराइट व्हेरिस्कोप कंपनी'. ती अक्षरं तिथे जमलेल्या प्रेक्षकांसाठी नव्हती. ती तुमच्या-माझ्यासाठी होती. लढत लावलेली, पुरती लावलेली. फक्त ठरवलेली नव्हती.

खपवण्याचा धडाही त्याच लढतीने दिला. फिलाडेल्फियाचा सिग्मंड लुबिन हा हिकमती माणूस. त्याला कार्सन सिटीच्या चित्रणाचे हक्क मिळालेले नव्हते. मग त्याने रेल्वेच्या मालधक्क्यावरची दोन माणसं उभी केली आणि वर्तमानपत्रात आलेलं फेरीवार वर्णन मोठ्याने वाचून त्याबरहुकूम त्यांच्याकडून हातवारे करून घेतले. डावा हात इथे, उजवा तिथे, आता खाली बस. 'प्रतिकृती' असं तो बारीक आवाजात म्हणायचा. पण तंबूवाल्याच्या फलकावर कॉर्बेट आणि फिट्झसिमन्स यांचीच नावं ठळक. काही ठिकाणी प्रेक्षकांनी गोंधळ घालून पैसे परत मागितले. लुबिनचा अपराध काय, त्याने नाटक केलं हा? नाटक तर लोक रोज पैसे देऊन बघत होते. त्याने फिट्झसिमन्सच्या नावावर हमाल विकला, हा. पेशवाईवरचं नाटक बघताना नारायणराव खरा मेला नाही म्हणून कुणी तिकिटाचे पैसे मागत नाही, पण त्याच तिकिटावर 'प्रत्यक्ष शनिवारवाड्यातून' असं छापलं तर मागेलच की.

आता माझ्या म्हणण्याला खरोखर जड जाणारी गोष्ट. युद्धपट. मुष्टियुद्धात फसवणूक झाली तर गिऱ्हाइकाचे दहा सेंट जातात, युद्धात झाली तर माणसं जातात, निदान जाण्याला टाळ्या मिळतात. १८९९ मध्ये एडिसनच्या माणसांनी फिलिपिन्समधल्या लढाया न्यू जर्सीच्या झाडीत उभ्या केल्या. अमेरिकन तुकडी झेंडा घेऊन पुढे येते, फिलिपिनो खंदक सोडून पळतात. पळणारे नेहमी तेच. कॅटलॉगातलं वर्णन असं, की वाचणाऱ्याला ते रणांगणावरूनच आल्यासारखं वाटावं. दक्षिण आफ्रिकेत इंग्रज आणि तिथले डच वंशाचे बोअर यांच्यात बोअर युद्ध सुरू झाल्यावर ब्लॅकबर्नच्या मिचेल आणि केन्यन यांनी इंग्लंडातल्या लँकेशरच्या माळावर ती दक्षिण आफ्रिका वसवली. १८९८ मध्ये क्यूबाजवळ अमेरिकेने स्पेनचं आरमार बुडवलं ते व्हिटाग्राफ या चित्रपट कंपनीच्या स्मिथ आणि ब्लॅकटन यांनी टेबलावर, पाण्याच्या पात्रात, कागदी जहाजं आणि सिगारचा धूर सोडून पुन्हा बुडवलं. निदान स्मिथने उतारवयात तसं सांगितलं आहे, आणि उतारवयातल्या आठवणीही थोड्याफार लावलेल्याच असतात. या चित्रांनी साम्राज्याच्या बाजूने हवा तापवली नाही, असं मी म्हणणार नाही. तापवली. एका आख्ख्या लोकसमूहाला पडद्यावर पहिल्यांदा बघायचं आणि ते पळतानाच, याचं पाप 'तो काळच तसा होता' असं म्हणून धुता येत नाही.

पण मग उपाय म्हणून ज्या 'खऱ्या' युद्धचित्रणाचा दाखला देतात, ते तपासू. तोच डिक्सन, ब्लॅक मारियातला, एव्हाना एडिसनला सोडून बायोग्राफ कंपनीत गेलेला, ऑक्टोबर १८९९ मध्ये दक्षिण आफ्रिकेला निघाला. जहाजावर सेनापती बुलर होता आणि वार्ताहर म्हणून तरुण चर्चिलही. डिक्सन मोठा अवजड कॅमेरा गाडीवर लादून महिनोन्‌महिने तिथल्या नाताळ प्रांतातल्या डोंगरांत फिरला. कष्टांबद्दल त्याला मानलं पाहिजे. त्याला दिसलं काय? तोफा मैलोन्‌मैल लांबून डागल्या जात होत्या. दारू बिनधुराची, गणवेश मातीच्या रंगाचे, शत्रू टेकडीमागे. चौकटीत येणार ते नदी ओलांडणारे बैल, तोफेभोवतीचे खलाशी, रुग्णवाहिका, तळावरचं आवराआवरीचं काम. अस्सल युद्ध कॅमेऱ्यासमोर आलं आणि त्यात युद्धच दिसेना! घरी बसलेल्या प्रेक्षकाच्या डोक्यात लढाई म्हणजे संगीन, झेंडा, अंगावर येणारा घोडा. ती लढाई रणांगणावर नव्हतीच, ती पोवाड्यात आणि तैलचित्रात होती. न्यू जर्सीच्या झाडीत तीच मिळाली. म्हणजे खोटं चित्र खऱ्याच्या जागी बसलं असं घडलेलं नाही. दोन्ही चित्रं अपुरी होती आणि प्रेक्षकाने स्वतःच्या डोक्यातल्या चित्राशी जुळणारं निवडलं. अशा प्रेक्षकाला फक्त 'खरं' दाखवून काय साधणार होतं? लंडनच्या रॉबर्ट पॉलने वेगळी वाट धरली होती. बोअर युद्धाचे त्याचे पट लंडनमधल्याच मसवेल हिलला काढलेले, आणि विकताना तो त्यांना सरळ 'पुनर्निर्मिती' म्हणायचा. माझ्या मते त्या काळातली ही सर्वांत सरळ वागणूक.

यावर हुशार वाचक म्हणेल, पॉलने म्हटलं हो, पण पुढे जत्रेतल्या तंबूवाल्याने तो शब्द गाळला त्याचं काय? हा आक्षेप मला मान्य आहे, इतका की माझं म्हणणं मी त्यापायीच थोडं पुढे नेतो. शब्द वाटेत गळतो. म्हणून जबाबदारी फक्त बनवणाऱ्यावर टाकून भागत नाही, दाखवणाऱ्यावरही टाकावी लागते. लुबिनच्या नकलेवर चिडलेल्या गर्दीने फिलाडेल्फियाला पत्र लिहिलं नाही, समोरच्या खिडकीत बसलेल्या माणसाला धरलं. त्या अडाणी म्हणवल्या जाणाऱ्या गर्दीला जे कळलं ते कुटुंबाच्या ग्रुपवर 'आलं तसं पाठवलंय' असं लिहून मोकळं होणाऱ्या आपल्या काकांना अजून कळायचं आहे. एआयचा व्हिडिओ यंत्राने बनवला यात मला भय वाटत नाही. तो कुणाच्या नावाने, कुठल्या जागेचा म्हणून पुढे सरकवला जातो, त्याचं वाटतं.

सरकारांना कशाची भीती वाटते हेही एकदा बघून घ्यावं. ४ जुलै १९१० ला रेनो इथे जॅक जॉन्सन या कृष्णवर्णीय जगज्जेत्याने गोऱ्या जेफ्रीजला हरवलं. ती फीत अस्सल होती, एकही ठोसा बेतलेला नव्हता. आणि नेमकी तीच फीत गावोगावी बंद पाडली गेली. दोनच वर्षांनी मुष्टियुद्धाच्या फिती एका राज्यातून दुसऱ्यात नेण्यावर अमेरिकेत कायद्याने बंदी आली, ती १९४० पर्यंत टिकली. न्यू जर्सीच्या झाडीत पळणाऱ्या नकली फिलिपिनोंवर मात्र कुणी बंदी घातल्याचं ऐकलं नाही. लावलेल्या झुंजीने समाज बिघडतो, असं म्हणणाऱ्यांनी हा जमाखर्च मांडून दाखवावा.

आपल्या घरचं उदाहरण तर सभेत कुणी काढलंच नाही, याचं मला राहून राहून आश्चर्य वाटतं. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्यूमिएर बंधूंच्या चित्रपटांचे खेळ झाले आणि मुंबईतले छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, या नव्या यंत्राने झपाटले. त्यांनी इंग्लंडातल्या ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्सकडून एकवीस गिनी मोजून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये पहिलं चित्रण केलं ते कशाचं? कुस्तीचं. हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती लावली आणि टिपली. फीत धुवायला विलायतेला पाठवावी लागली. पुढे १९०१ मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं चौपाटीवरचं स्वागतही त्यांनी चित्रित केलं. आता विद्वानांत वाद असा, की कुस्ती कॅमेऱ्यासाठी लावलेली होती, मग तिला 'भारतातला पहिला माहितीपट' म्हणायचं की नाही. बरं, परांजप्यांचं स्वागत काय आपोआप झालं होतं? हार कुणी तरी आदल्या दिवशीच सांगून ठेवले असतीलच ना! आणि गंमत म्हणजे त्या कुस्तीची फीत आज उपलब्धच नाही. जी कुणी पाहिलेली नाही ती खरी की खोटी यावर रकाने भरले जातात.

मला त्या कुस्तीबद्दल वेगळंच कुतूहल आहे. मिनिटा-दोन मिनिटांच्या फितीत ती बसवायची तर सावेदादांनी पैलवानांना काय सांगितलं असेल? फडात दोन तगडे गडी नुसती खडाखडी करण्यात, हात झटकत अंदाज घेण्यात दहा-दहा मिनिटं घालवतात. तेवढी फीत आणायची कुठून? 'सलामी झाली की थेट डावावर या' असं म्हटलं असेल का? म्हटलं असेल तर मी म्हणेन, ठीक केलं. माझे मामा सातारकडचे. लहानपणी मला खांद्यावर घेऊन फडाला न्यायचे. एका वर्षी दोन नावाजलेल्या मल्लांची कुस्ती वीसेक मिनिटं रेंगाळली आणि पंचांनी बरोबरीत सोडवली. मामा उठले, धोतर झटकलं आणि एवढंच म्हणाले, "दोघं आदल्या रात्री एकाच ताटात जेवले असणार." त्याच संध्याकाळी शाळकरी पोरांच्या इनामाच्या कुस्त्या लावल्या होत्या, खोबऱ्याच्या वाटीवरच्या. तिथे मामा उभं राहून ओरडत होते. लावलेल्या दोन्ही. कुठली नुरा आणि कुठली निकाली हे ओळखायला त्यांना कॅमेऱ्याचा इतिहास वाचावा लागला नव्हता. पैलवानाची मान, टाच आणि श्वास बघून ते सांगायचे.

आणि ठरवलेली झुंजसुद्धा नेहमी फसवणूकच असते असं कुठे आहे? कोकणात दशावतारात दोन पात्रं मृदंग, झांज आणि पायपेटीच्या ठेक्यावर तलवारी परजत गोल फिरतात. कोण पडणार हे पोराटोरांना ठाऊक असतं आणि तरी पहाटे तीनला डोळे टक्क उघडे. १९०० मध्ये मेलिएस या फ्रेंच जादूगार-चित्रपटकाराने दोन कुस्तीगीर पडद्यावर आणले, एकमेकांचे तुकडे करणारे नि पुन्हा जोडणारे. ती सगळी कात्रीची करामत. ती बघून पोलिसांत कुणी गेलं नाही. उलट १९२० मध्ये कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी 'सैरंध्री'त भीमाच्या हातून कीचकाचा वध दाखवला तेव्हा बायाबापड्या किंचाळल्या आणि ते दृश्य कापावं लागलं. महाभारत पाठ असलेल्या प्रेक्षकाला कीचक मरणार हे माहीत नव्हतं? होतं की. तरी किंचाळला. त्याला फसवला म्हणायचं का?

सभेच्या शेवटी संयोजकांनी मला विचारलं, पुढच्या वेळी प्रत्येक तुकड्याआधी एक पाटी दाखवू या, तुम्ही मजकूर लिहाल का. मी लेनर्ड-कुशिंगसाठी तिथेच एका पाकिटाच्या पाठीवर लिहिलं. १४ जून १८९४, वेस्ट ऑरेंज. कॅमेऱ्यासाठी लावलेली लढत. रिंगण लहान केलेलं. फेरी एका मिनिटाची. ठोसे खरे. मागच्या रांगेतला तो मुलगा मान वाकडी करून वाचत होता. म्हणाला, "शेवटचं कशावरून?" प्राध्यापकही चष्मा पुसत जवळ आले. माझ्याकडे तयार उत्तर नव्हतं. मग सभागृहाचा रखवालदार किल्ल्या वाजवत दारात उभा असताना आम्ही तिघांनी तो तुकडा पुन्हा लावला, आणि या खेपेला खांद्यांकडे बघत बसलो.